तिसऱ्याच भागात खुनी ओळखलात? खऱ्या गुन्ह्यांच्या गोष्टी बघताना या चुका टाळा

मागच्या दिवाळीत बहिणीकडे जेवायला बसलो होतो. भाची एका कानात इअरफोन अडकवून, एका खऱ्या खुनावरचा पॉडकास्ट ऐकत आमटी-भात खात होती. मध्येच हात थांबवून म्हणाली, "मामा, नवऱ्यानंच मारलंय तिला. मला तिसऱ्या एपिसोडलाच कळलं होतं."

"आणि केसचं काय झालं?"

"कसली केस? अजून दोन एपिसोड आहेत."

मी जिल्हा न्यायालयात फौजदारी कामं बघतो, बहुतेक वेळा आरोपीच्या बाजूनं. त्यामुळे घरात या विषयावर माझं मत कुणी विचारत नाही. "तू काय, त्यांना सोडवणारच" हे आधीच ठरलेलं असतं. तक्रार नाही. पण हल्ली पक्षकारसुद्धा माझ्यासमोर बसून वेब सिरीजमधला कायदा मला समजावून सांगतात, तेव्हा वाटतं की चार गोष्टी लिहून काढाव्यात. या गोष्टी बघू नका असं मी म्हणणार नाही, मीही बघतो. फक्त बघताना एक ध्यानात ठेवायचं. गोष्ट सांगणाऱ्याला शेवट ठाऊक असतो आणि तो शेवटाकडून मागे येत सगळं रचतो. म्हणून पहिल्याच दृश्यात नवरा खिडकीबाहेर बघत असला तरी संशयास्पद दिसतो. खटला उलट्या दिशेनं जातो. तिथे शेवट कुणालाच ठाऊक नसतो, निदान ठाऊक नसायला हवा. खालच्या बहुतेक चुका या एकाच जागी होतात.

चूक : अटक झाली, म्हणजे केस उलगडली

मालिकेत हातकड्या पडल्या की शेवटचं संगीत सुरू होतं. आमच्याकडे तिथून काम सुरू होतं. आधी पोलीस कोठडी, मग न्यायालयीन कोठडी, साठ किंवा नव्वद दिवसांत दोषारोपपत्र, मग आरोपनिश्चिती, साक्षीपुरावा, युक्तिवाद, निकाल आणि त्यावर अपील. यातल्या प्रत्येक दोन टप्प्यांच्या मध्ये तारखा. २०२२ च्या राष्ट्रीय आकडेवारीनुसार भारतातल्या तुरुंगांतल्या दर चार माणसांपैकी सुमारे तीन कच्चे कैदी होते, म्हणजे ज्यांच्या खटल्याचा निकालच लागलेला नाही असे.

उपाय सोपा आहे. बातमी किंवा एपिसोड संपला की स्वतःला एकच प्रश्न विचारा : प्रकरण आत्ता कुठल्या टप्प्यावर आहे? ‘संशयित’, ‘आरोपी’ आणि ‘दोषी’ हे तीन वेगळे शब्द आहेत. निवेदक पहिल्या मिनिटाला ‘आरोपी’ आणि दहाव्या मिनिटाला ‘हा नराधम’ म्हणू लागला, तर मधल्या नऊ मिनिटांत कुठला न्यायाधीश येऊन गेला ते शोधा.

चूक : "त्यानं पोलिसांपुढे कबूल केलंय की!"

हे मला आठवड्यातून एकदा तरी ऐकावं लागतं. पोलीस अधिकाऱ्यापुढे दिलेली कबुली आरोपीविरुद्ध वापरता येत नाही. हा नियम इंग्रजांच्या १८७२ च्या पुरावा कायद्यातला, कलम २५. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमात तो कलम २३ म्हणून तसाच ठेवला आहे. इंग्रज सरकार काही आरोपींवर माया करणारं नव्हतं. कोठडीत कबुली कशी मिळवली जाते हे त्यांनाही कळून चुकलं होतं, इतकंच. कबुली द्यायचीच असेल तर ती दंडाधिकाऱ्यापुढे, आणि ‘हे सांगायला तू बांधील नाहीस’ अशी समज दिल्यावर.

एक फट मात्र आहे. आरोपीनं सांगितल्यावरून एखादी वस्तू सापडली, तर त्या सांगण्यातला तेवढाच भाग पुराव्यात येतो. म्हणून प्रत्येक केसमध्ये आरोपी ‘स्वखुशीनं’ चाकू काढून देतो आणि दोन पंच ते बघतात. काही वर्षांपूर्वी माझ्या एका केसमध्ये असा पंच साक्षीला आला. चहाची टपरी चालवणारा, पन्नाशीचा माणूस.

"पंचनाम्यावर सही तुमचीच?"

"हो."

"सही करताना वाचला होता?"

"नाही साहेब."

"चाकू झुडपातून काढताना पाहिलात?"

"मी गेलो तेव्हा टेबलावरच होता."

न्यायाधीशांनी लिहिता लिहिता मान वर केली. टपरी पोलीस ठाण्याच्या फाटकासमोरच होती. याआधी किती पंचनाम्यांवर सह्या केल्या, असं विचारल्यावर तो सरळपणे म्हणाला, "आठ-दहा असतील. बोलावतात, जावं लागतं." ती लाखेचं सील लावलेली, लेबल डकवलेली पुडी अजून मुद्देमालाच्या टेबलावर होती. दोरा जागच्या जागी, सही जागच्या जागी, सगळं शिस्तीत. फक्त आतला चाकू कुठून आला, हे सांगणारं कुणी उरलं नव्हतं. एपिसोडमध्ये हा प्रसंग साडेचार सेकंदांचा असतो : झुडूप, हात, चाकू, ढॅण्टॅडॅण.

नार्को टेस्टबद्दलही असाच गैरसमज आहे. मे २०१० मध्ये सेल्वी विरुद्ध कर्नाटक राज्य या निकालात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की संमतीशिवाय नार्को, पॉलिग्राफ, ब्रेन मॅपिंग करता येणार नाही. संमतीनं केली, तरी माणूस गुंगीत जे बोलला ते आपोआप पुरावा होत नाही. त्यामुळे "नार्को करा, दूध का दूध होईल" असं कुणी पॅनेलवर ओरडला की आवाज थोडा कमी करा.

कबुलीच्या नियमाला अपवादही आहे. मकोकासारख्या, संघटित गुन्हेगारीविरुद्धच्या कायद्यात वरिष्ठ पोलीस अधिकाऱ्यापुढची कबुली चालते. ११ जुलै २००६ च्या मुंबई लोकल बॉम्बस्फोटांच्या खटल्यात अशा कबुलीजबाबांना मोठं महत्त्व होतं. विशेष न्यायालयानं २०१५ मध्ये १२ जणांना दोषी ठरवलं, त्यातल्या पाच जणांना फाशी सुनावली. २१ जुलै २०२५ ला मुंबई उच्च न्यायालयानं ते कबुलीजबाब अविश्वसनीय ठरवून सगळ्यांना निर्दोष सोडलं. राज्य सरकार लगोलग सर्वोच्च न्यायालयात गेलं. हा निकाल इतर खटल्यांत दाखला म्हणून वापरू नये, असं तिथे सांगितलं गेलं, पण सुटलेल्यांना परत तुरुंगात पाठवलं नाही. एकोणीस वर्षं झाली, तरी या गोष्टीला ‘समाप्त’ची पाटी लागलेली नाही.

चूक : सगळे धागे जुळले, म्हणजे सिद्ध झालं

भिंतीवर फोटो, लाल दोरे, टाचण्या. एवढ्या टाचण्या लावणारा तपास अधिकारी मला अजून भेटायचा आहे, ते असो. परिस्थितीजन्य पुराव्यावर शिक्षा होते, बिनदिक्कत होते. पण त्याची कसोटी काय, हे आपल्या पुण्यातल्याच एका प्रकरणातून ठरलं. जून १९८२ मध्ये एका तरुण विवाहितेचा पोटॅशियम सायनाईडनं मृत्यू झाला. संशय नवऱ्यावर. सत्र न्यायालयानं फाशी दिली, उच्च न्यायालयानं ती कायम केली आणि १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं त्याला निर्दोष सोडलं. त्या सारडा खटल्यातली पाच तत्त्वं वकील ‘पंचशील’ म्हणून ओळखतात. हा शब्द निकालातलाच आहे. साखळीची प्रत्येक कडी स्वतंत्रपणे सिद्ध हवी, आणि पूर्ण साखळीतून आरोपीच्या दोषाखेरीज दुसरा कुठलाही अर्थ निघता कामा नये, हा त्याचा गाभा.

त्यातलं एक वाक्य १९७३ च्या, महाराष्ट्रातल्याच एका खटल्यातून उचललेलं आहे : ‘केलं असेल’ आणि ‘केलंच असलं पाहिजे’ यांत फार मोठं अंतर आहे. माझी भाची त्या अंतराच्या अलीकडच्या काठावर उभी होती. पॉडकास्टनं तिला पुलाचा भास करून दिला होता.

पुढच्या वेळी असा एपिसोड बघताना मध्येच थांबवा आणि तेच सगळे धागे घेऊन दुसरी एखादी गोष्ट जमते का ते बघा. आत्महत्या, अपघात, तिसरा माणूस. जमली, तर कोर्टात आरोपीच्या वकिलाचं काम झालं.

चूक : डोळ्यांनी पाहिलंय, मग आणखी काय हवं

या मुद्द्यावर मी जरा रेंगाळणार आहे, कारण जालना जिल्ह्यातलं हे प्रकरण कुठल्याही मालिकेहून भयंकर आहे आणि माझ्या ओळखीच्या दहांपैकी नऊ वकिलेतरांनी ते ऐकलेलंही नाही.

जून २००३. भोकरदन परिसरात शेतातल्या झोपडीत राहणाऱ्या कुटुंबावर रात्री दरोडा पडला. पाच जण मारले गेले, बलात्कार झाले. घरातली एक बाई आणि तिचा मुलगा वाचले. पोलिसांनी सहा जणांना पकडलं, सगळे भटक्या जमातीतले, गरीब. दोन्ही साक्षीदारांनी त्यांना ओळखलं. सत्र न्यायालयानं सहाही जणांना फाशी सुनावली. उच्च न्यायालयानं तिघांची फाशी कायम ठेवली, तिघांची जन्मठेप केली. २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सहाही जणांना फाशीच योग्य ठरवली. इथे एपिसोड संपला असता. घटना अमानुष, साक्षीदार प्रत्यक्षदर्शी, शिक्षा देशातल्या सर्वोच्च न्यायालयाची. आणखी काय हवं?

पुढे फेरविचार झाला, अपिलं नव्यानं ऐकली गेली आणि ५ मार्च २०१९ ला त्याच सर्वोच्च न्यायालयानं सहाही जणांना निर्दोष सोडलं. कारण कागदपत्रांतच होतं. घटनेनंतर लगेच पोलिसांनी त्या बाईला गुन्हेगारांच्या फोटोंचा अल्बम दाखवला होता आणि तिनं त्यातून चार वेगळ्याच माणसांवर बोट ठेवलं होतं. त्या चौघांना अटक झाली नाही, त्यांचा तपासही झाला नाही. ही गोष्ट फिर्यादी पक्षानं दडपली, असं न्यायालयानं म्हटलं. तोवर हे सहा जण सोळा वर्षं तुरुंगात होते. त्यातला एक तर घटनेच्या वेळी अल्पवयीन निघाला होता. न्यायालयानं प्रत्येकी पाच लाख रुपये भरपाई द्यायला लावली.

आता त्या बाईचा विचार करा. तिनं खोटं सांगितलं, असं मी म्हणणार नाही. जिनं ती रात्र काढली, तिच्यासमोर पुन्हा पुन्हा तीच माणसं उभी केली, तर त्यांचे चेहरे त्या रात्रीला जाऊन चिकटतात. आणि खरे गुन्हेगार? त्यांच्यावर एकही एपिसोड निघू शकत नाही, कारण ते कोण हे कुणालाच ठाऊक नाही. आरोपीचे हक्क जपले की पीडितावर अन्याय होतो, हे पॅनेलवरचं आवडतं वाक्य आहे. जालन्यात चुकीची माणसं धरल्यामुळे सर्वांत जास्त फसवणूक झाली ती त्या बाईची.

चूक : सुटला म्हणजे पैसे चारले

चारतही असतील कुठे कुठे, साक्षीदार फितूर होतात हेही खरं. पण सुटण्याची रोजची कारणं फार कंटाळवाणी असतात. व्हिसेरा, म्हणजे मृताच्या अवयवांचे नमुने, वेळेत पाठवला नाही. कलिन्याच्या न्यायवैद्यक प्रयोगशाळेतून सीए रिपोर्ट, म्हणजे रासायनिक तपासणीचा अहवाल आला, पण सील जुळत नाही. पंच टपरीवाला निघाला. टीव्हीवर डॉक्टर परीक्षानळी हलवतो आणि त्याच दृश्यात उत्तर देतो. प्रत्यक्षात रिपोर्टची वाट बघण्यात महिने जातात.

आणि जामीन म्हणजे सुटका नव्हे. हे वाक्य मी व्हिजिटिंग कार्डावर छापायचं म्हणतोय.

चूक : एन्काउंटरला ‘झटपट न्याय’ समजणं

नोव्हेंबर २०१९ मध्ये हैदराबादजवळ पशुवैद्यक तरुणीवर बलात्कार झाला, तिला मारलं गेलं. ६ डिसेंबरच्या पहाटे चारही संशयित पोलिसांच्या गोळ्यांनी मेले. लोकांनी पोलिसांवर फुलं उधळली. आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर पेढ्यांचे फोटो आले. सर्वोच्च न्यायालयानं निवृत्त न्यायमूर्ती वि. स. सिरपूरकर यांच्या अध्यक्षतेखाली आयोग नेमला. मे २०२२ मध्ये अहवाल खुला झाला : गोळ्या जाणूनबुजून, मारण्याच्याच हेतूनं झाडल्या होत्या, आणि चौघांपैकी तिघे अल्पवयीन होते. त्या दिवशी ग्रुपवर ‘गुड मॉर्निंग’चं गुलाबाचं फूल आलं, बाकी काही नाही.

त्या चौघांनीच तो गुन्हा केला का, हे आता कुठल्याच न्यायालयात तपासलं जाणार नाही. शेवट आधी लिहून टाकायचा हे गोष्टीचं तंत्र पोलिसांनी वापरलं, की असं होतं.

चूक : जुन्या केसची गाजलेली आवृत्तीच खरी मानणं

नानावटी खटला घ्या. २७ एप्रिल १९५९ ला मुंबईत नौदलाचे कमांडर कावस नानावटी यांनी पत्नीच्या प्रियकराला, प्रेम आहुजाला, तीन गोळ्या घातल्या. रूसी करंजियांच्या ‘ब्लिट्झ’ साप्ताहिकानं नानावटींची बाजू अशी उचलून धरली की चार आण्यांचा अंक दोन रुपयांना जायचा, असं सांगतात. ज्युरीनं आठ विरुद्ध एक मतांनी ‘निर्दोष’ म्हटलं. सत्र न्यायाधीशांना ते पटलं नाही, त्यांनी प्रकरण उच्च न्यायालयाकडे पाठवलं. तिथे जन्मठेप झाली आणि १९६१ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ती कायम केली.

लोकांच्या डोक्यात राहिला तो देखणा गणवेश. निकालात महत्त्वाचा ठरला एक टॉवेल. आहुजा न्हाणीघरातून फक्त टॉवेल गुंडाळून बाहेर आला होता. झटापटीत गोळ्या सुटल्या असा बचाव होता, पण मेला तेव्हा टॉवेल अंगावर जसाच्या तसा होता. झटापट झाली असती तर तो सुटला असता.

आणि हो, ही ‘भारतातली शेवटची ज्युरी ट्रायल’ नव्हती. हे वाक्य इतक्या ठिकाणी ठोकून दिलंय की मीही कॉलेजात परीक्षेत लिहून आलो होतो. ज्युरी त्यानंतरही देशात काही ठिकाणी चालू होती. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत तिला जागा राहिली नाही. पारशी विवाहांच्या खटल्यात तर आजही समाजाचे प्रतिनिधी न्यायाधीशासोबत बसतात.

चूक : ज्यावर मालिका निघते, तेवढेच गुन्हे घडतात

गोष्ट सांगणाऱ्याला शहर, चांगलं घर, सुंदर फोटो आणि अनोळखी खुनी लागतो. बलात्काराच्या नव्वद टक्क्यांहून जास्त नोंदींत आरोपी ओळखीचा असतो. नातेवाईक, शेजारी, मालक, मित्र. मुलीला रात्री रिक्षात बसताना फोन करणाऱ्या आईबापांना हे ऐकवलं तर आवडत नाही.

भंडारा जिल्ह्यातल्या खैरलांजीत २९ सप्टेंबर २००६ ला भोतमांगे या दलित कुटुंबातल्या चौघांना मारलं गेलं. पहिल्या बातम्या बाईच्या चारित्र्याकडे बोट दाखवून मोकळ्या झाल्या. राज्यभर मोर्चे निघाले तेव्हा कुठे मोठे कॅमेरे तिकडे वळले. २००८ मध्ये भंडारा न्यायालयानं सहा जणांना फाशी दिली, ती २०१० मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठानं पंचवीस वर्षांच्या कैदेत बदलली. पण अॅट्रॉसिटी कायदा लागू होत नाही, हा गुन्हा जातीतून नव्हे तर सूडातून झाला, असं दोन्ही न्यायालयांनी म्हटलं. न्यायालयही एक गोष्ट ऐकतं आणि दुसरी बाजूला ठेवतं. हे मी, त्याच इमारतीत पोट भरणारा माणूस, सांगतोय.

चूक : नावं आणि फोटो पुढे ढकलणं

लैंगिक अत्याचाराच्या पीडितेची ओळख उघड करणं हा गुन्हा आहे. पूर्वी भारतीय दंड संहितेचं कलम २२८-अ, आता भारतीय न्याय संहितेचं कलम ७२, दोन वर्षांपर्यंत शिक्षा. पीडित बालक असेल तर बालकांवरच्या लैंगिक अत्याचारांविरुद्धचा पोक्सो कायदा वेगळा. ‘श्रद्धांजली’ म्हणून फोटो फॉरवर्ड केला, ही सबब चालत नाही. जम्मूजवळच्या कठुआतल्या बालिकेची ओळख उघड केल्याबद्दल २०१८ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयानं माध्यमसंस्थांना प्रत्येकी दहा लाख रुपये भरायला लावले होते.

मत आधीच बनून बसलं असेल तर

तेही दुरुस्त होतं. सुशांतसिंह राजपूत प्रकरणातल्या आरडाओरड्यानंतर १८ जानेवारी २०२१ ला मुंबई उच्च न्यायालयानं तपास चालू असताना माध्यमांनी काय टाळावं, ते सांगितलं : घटनेचं नाट्यरूपांतर करू नका, पोलिसांपुढची कथित कबुली छापू नका, साक्षीदारांच्या मुलाखती घेऊन त्यांची साक्ष पारखत बसू नका, आरोपी किंवा पीडिताच्या चारित्र्यावर घसरू नका. ती यादी वाहिन्यांसाठी होती, पण बघणाऱ्यानं समोर ठेवली तरी चालते. एपिसोडमध्ये यातलं काय काय आहे, ते मोजत जा. दोनाच्या वर गेलं की मत राखून ठेवा.

मग न्यायालयांच्या नोंदी दाखवणारं ई-कोर्ट्सचं अॅप उघडा, फुकट आहे. पक्षकाराचं नाव आणि वर्ष टाकून किंवा सोळा अक्षरी सीएनआर क्रमांकानं, म्हणजे प्रत्येक केसला मिळणाऱ्या ओळखक्रमांकानं, केस सापडते. आजवरच्या तारखा, प्रत्येक तारखेला काय झालं, पुढची तारीख कशासाठी, सगळं दिसतं. निकाल लागला असेल तर तोच वाचा, निदान शेवटची दहा पानं. भाषा रुक्ष असते, पण तिथे पार्श्वसंगीत नसतं.

भाचीला त्या रात्री हेच करून दाखवलं. नाव सापडायला पाच मिनिटं लागली. तिनं खाली खाली सरकवत नेलं. साक्षीदार गैरहजर. न्यायाधीश रजेवर. तपास अधिकाऱ्याला समन्स. साक्षीदार गैरहजर. सगळ्यात खाली, पुढची तारीख दीड महिन्यानंतरची, कारणाच्या रकान्यात ‘साक्षीपुरावा’.

"म्हणजे अजून चालूच आहे?" ती म्हणाली. "मग यांनी शेवट कसा सांगितला?"

बहिणीनं आतून विचारलं, भात वाढू का. भाचीनं मान हलवली, आणि दुसऱ्या हातानं परत वर सरकवत पहिल्या तारखेपासून वाचायला घेतलं.